कल्पित बेटांचा नाद आणि सोलापूरचा प्रतिसाद : ध्वनिसंस्कृतीचा एक समीक्षात्मक विचार

१. प्रास्ताविक

कल्पित बेटावरील समाज हा पाश्चात्त्य साहित्यातील एक जुना आणि लवचीक रचनाबंध आहे. टॉमस मोर यांचा 'युटोपिया' हा ग्रंथ १५१६ मध्ये प्रसिद्ध झाला आणि त्यानंतर अनेक लेखकांनी आपला आदर्श किंवा आपला उपहास मांडण्यासाठी बेटाचाच आश्रय घेतला. याचे कारण उघड आहे. चोहोबाजूंनी पाणी असले की शेजारी नसतात, सरहद्दीचे तंटे नसतात, भाषांची सरमिसळ नसते. त्यामुळे मानवी जीवनातील एकच तत्त्व उचलून त्यावर संपूर्ण समाज उभा करून पाहणे लेखकाला शक्य होते. अशा काही बेटांवर हे तत्त्व ध्वनीचे आहे.

ध्वनीने घडलेला समाज मात्र केवळ कल्पनेतच असतो असे नाही. मराठी, कन्नड आणि तेलुगू या तीन भाषाप्रदेशांच्या सांध्यावर वसलेले सोलापूर शहर हे त्याचे जवळचे उदाहरण होय. गिरणीचा भोंगा, मागाचा खटका, सिद्धेश्वराच्या यात्रेतील संमतीवाचन, नवी पेठेतील बहुभाषिक व्यवहार आणि शाहिरी परंपरा यांनी या शहराचा दिनक्रम, उत्सव आणि वाङ्मय घडविले आहे. प्रस्तुत निबंधात प्रथम तीन कल्पित बेटांचा परामर्श घेऊन त्यांतून एक निकष मिळविला आहे व नंतर तो निकष सोलापूरच्या ध्वनिसंस्कृतीला लावून पाहिला आहे. एखादी ध्वनिसंस्कृती किती मधुर किंवा किती संपन्न आहे यापेक्षा तीत ऐकणाऱ्याला उत्तर देण्याची सोय किती आहे, हा प्रश्न अधिक मूलभूत आहे, असे येथे प्रतिपादन केले आहे. या निकषासाठी 'प्रतिसाद' ही संज्ञा वापरली आहे.

२. तीन बेटे आणि श्रवणाची सत्ता

शेक्सपिअरच्या 'द टेम्पेस्ट' (सुमारे १६११) या नाटकातील बेट आवाजांनी भरलेले आहे. बेटावरील ध्वनींचे सर्वांत सुंदर वर्णन नाटककाराने कॅलिबन या गुलामाच्या तोंडी घातले आहे. परंतु ते संगीत निर्माण करण्याची शक्ती त्याच्यापाशी नाही. प्रॉस्पेरोच्या आज्ञेने एरिअल गातो, वाजवितो आणि त्या सुरांच्या ओढीने माणसांना हवे तिकडे नेतो. कॅलिबनला स्वतःचे गाणे सुचते ते मद्याच्या अमलाखाली, आणि तेही क्षणभरच. ज्याला ध्वनीचे मर्म कळते त्याच्या हाती ध्वनी नाही, अशी ही रचना आहे.

फ्रान्सिस बेकन यांच्या 'न्यू अटलांटिस' (१६२७) या अपूर्ण ग्रंथातील बेन्सालेम बेटावर 'ध्वनिगृहे' आहेत. तेथे सर्व प्रकारचे नाद आणि प्रतिध्वनी निर्माण करून दाखविले जातात, नळ्यांतून दूर अंतरावर आवाज पोहोचविला जातो आणि कानाला लावून श्रवणशक्ती वाढविण्याची साधनेही तयार केली जातात. विसाव्या शतकातील ध्वनितंत्राचे हे आश्चर्यकारक पूर्वचित्र आहे. मात्र ही गृहे ज्ञानी मंडळाच्या ताब्यात आहेत. सामान्य बेटवासी काय ऐकतो आणि काय बोलतो, याविषयी बेकन यांना फारशी उत्सुकता नाही.

जोनाथन स्विफ्ट यांच्या 'गलिव्हर्स ट्रॅव्हल्स' (१७२६) मधील लापुटा हे उडते बेट या परंपरेवरील तीव्र उपहास आहे. तेथील उच्चवर्गीय गणित आणि संगीत यांत इतके मग्न असतात की समोरच्याचे बोलणे ऐकावे म्हणून सेवकाला त्यांच्या कानावर खडे भरलेल्या फुग्याने हलकेच थापटावे लागते. त्यांना ग्रहगोलांचे संगीत ऐकू येते असा त्यांचा दावा आहे, पण खालच्या जमिनीवरील प्रजेचा आवाज त्यांच्यापर्यंत पोहोचत नाही. प्रजेने आपले अर्ज वरून सोडलेल्या दोऱ्यांना बांधावयाचे असतात. या एका तपशिलात स्विफ्ट यांनी ध्वनीचे राजकारण नेमके पकडले आहे. ज्यांची संपूर्ण संस्कृती श्रवणावर उभी आहे, त्यांच्याशी प्रजेचा संबंध मात्र मूक कागदाचा आहे.

तिन्ही बेटांत ध्वनी भरपूर आहे, प्रतिसाद मात्र क्षीण आहे. मोहिनी, ज्ञान आणि आत्ममग्नता अशी ध्वनीची तीन रूपे येथे दिसतात, आणि प्रत्येक रूपात ध्वनी करणारा एक व ऐकणारा दुसरा अशी विभागणी कायम राहते.

३. सैद्धान्तिक आधार

ध्वनीच्या सामाजिक अभ्यासाला परिभाषा मिळवून देण्याचे श्रेय कॅनडाचे संगीतकार आर. मरे शेफर (१९३३–२०२१) यांच्याकडे जाते. 'द ट्यूनिंग ऑफ द वर्ल्ड' (१९७७) या ग्रंथात त्यांनी ध्वनिपरिसराचे तीन घटक सांगितले. सतत पार्श्वभूमीला असणारा मूलस्वर, लक्ष वेधून घेणारा संकेतध्वनी आणि एखाद्या स्थळाची ओळख बनलेला स्थलध्वनी, असे हे घटक होत. शेफर यांचा कल यंत्रपूर्व ध्वनींकडे अधिक असला तरी त्यांची परिभाषा औद्योगिक शहरालाही उपयोगी पडते.

बेटावरील प्रत्यक्ष समाजाचे उदाहरण स्टीव्हन फेल्ड यांच्या अभ्यासात आढळते. 'साउंड अँड सेंटिमेंट' (१९८२) हा त्यांचा ग्रंथ पापुआ न्यू गिनीतील बोसावी अरण्यात राहणाऱ्या कालुली लोकांविषयी आहे. पक्ष्यांचे आवाज, शोकाचे रुदन आणि काव्य यांचा कालुलींच्या जीवनात एकच धागा आहे, असे फेल्ड दाखवून देतात. येथे विशेष महत्त्वाची गोष्ट अशी की कालुलींना एका सुरात, एकाच वेळी गाण्याचे अप्रूप नाही. एकाचा आवाज दुसऱ्यावर चढत जावा, आवाज मागेपुढे होऊन एकमेकांत मिसळावेत, यातच त्यांना सौंदर्य वाटते. म्हणजे ध्वनीने घडलेला समाज एकसुरीच असला पाहिजे, हे कल्पित बेटांचे गृहीतक प्रत्यक्षातील उदाहरणाने खोटे ठरते.

मराठीत अशोक दा. रानडे यांनी 'लोकसंगीतशास्त्र' (१९७५) व नंतरच्या लेखनातून ध्वनीच्या अंगाने लोकसंस्कृती पाहण्याची दृष्टी दिली. तथापि येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. कान म्हणजे आत्मीयता आणि डोळा म्हणजे अलिप्तता, अशी सरधोपट विभागणी जोनाथन स्टर्न यांनी 'द ऑडिबल पास्ट' (२००३) मध्ये प्रश्नांकित केली आहे. मराठी समाजाला ही विभागणी लागू पडत नाही, हे 'पोथी वाचणे' या शब्दप्रयोगावरूनही लक्षात येते. पोथी डोळ्यांनी वाचली जाते, पण ती ऐकणाऱ्यांसाठी.

४. भोंगा आणि माग

सोलापूर स्पिनिंग अँड विव्हिंग कंपनीची गिरणी १८७७ मध्ये सुरू झाली. लोकांच्या तोंडी तिचे नाव 'जुनी मिल' असे रूढ आहे. पुढे नरसिंगगिरजी, लक्ष्मी, विष्णू आदी गिरण्या उभ्या राहिल्या आणि शहराच्या दिवसाची विभागणी भोंग्याने होऊ लागली. शेफर यांच्या परिभाषेत भोंगा हा एकाच वेळी संकेतध्वनी व स्थलध्वनी होता. घरात घड्याळ नसलेल्या कामगाराला तो वेळ सांगत असे आणि गिरणीशी संबंध नसलेल्या घरातील चूलही त्याच्याच अनुरोधाने पेटत असे.

भोंग्याकडे स्मरणरंजनाच्या दृष्टीने पाहण्याचा मोह टाळला पाहिजे. ई. पी. थॉम्पसन यांनी १९६७ च्या आपल्या प्रसिद्ध निबंधात कारखानदारीने कामगारावर घड्याळाची शिस्त कशी लादली, याचे विवेचन केले आहे. सोलापुरात या शिस्तीला आणखी एक पदर होता. ब्रिटिश राजवटीत गुन्हेगार जमाती कायद्याखाली ज्यांना तारेच्या कुंपणात ठेवण्यात आले, त्यांच्यातील अनेकांना गिरण्यांत कामाला लावले जात असे. त्यांच्या दृष्टीने एका बाजूला भोंगा व दुसऱ्या बाजूला हजेरीची हाक होती. हा कायदा १९५२ मध्ये रद्द झाला. 'सेटलमेंट' हे वस्तीचे नाव मात्र शहराच्या बोलण्यात राहिले.

भोंगा ही प्रॉस्पेरोच्या संगीताची औद्योगिक आवृत्ती होय. तो वाजविणारा एक आणि त्यामागे चालणारे हजारो. परंतु सोलापूरच्या कामगाराने त्याला उत्तर दिले, हा येथील इतिहासाचा विशेष आहे. मे १९३० मध्ये महात्मा गांधींना अटक झाल्यावर गिरणी कामगार काम सोडून रस्त्यावर आले, शहरात लष्करी कायदा पुकारला गेला आणि १२ जानेवारी १९३१ रोजी मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे व कुर्बान हुसेन यांना येरवड्यात फाशी देण्यात आले. या चार नावांतच शहराची भाषिक व धार्मिक विविधता ऐकू येते. भोंगा वाजला तरी कामावर न जाणे, हा ध्वनीच्या सत्तेला दिलेला प्रतिसादच होता.

मालकाच्या बाजूने आलेल्या शांततेचा अर्थ निराळा होता. १९४९ मध्ये जुनी मिल बंद पडली. गैरव्यवस्थापन व त्यातून ओढवलेली बेकारी ही कारणे देऊन केंद्र सरकारने जानेवारी १९५० मध्ये वटहुकूम काढून गिरणीचा कारभार हाती घेतला. त्याला एका भागधारकाने दिलेले आव्हान सर्वोच्च न्यायालयाने त्याच वर्षी फेटाळले. चरणजितलाल चौधरी विरुद्ध भारत सरकार हा तो खटला घटनात्मक कायद्याच्या विद्यार्थ्यांना परिचित आहे. न्यायनिर्णयात मूलभूत हक्क व भागभांडवल यांची चर्चा आहे. भोंगा थांबल्यावर शहराला काय ऐकू आले, याची नोंद करणे हे न्यायालयाचे काम नव्हते. ते काम साहित्याचे व समीक्षेचे होते.

भोंगा हा संकेतध्वनी, तर माग हा मूलस्वर. शहराच्या पूर्व भागात तेलुगू भाषक पद्मशाली विणकरांच्या वस्तीत घर आणि कारखाना यांत एका भिंतीचे अंतर असे, कित्येकदा तेही नसे. आधी हातमागाचा व नंतर यंत्रमागाचा खटका हाच तेथील पार्श्वध्वनी होता. जाणता विणकर धागा तुटल्याचे मागाच्या बदललेल्या आवाजावरून ओळखतो. आवाज हा येथे कौशल्याचा भाग आहे. त्याच वेळी मागाच्या अखंड गोंगाटात वर्षानुवर्षे काम केल्याने श्रवणशक्ती क्षीण होते आणि कारखान्यात दोन कामगारांना खुणांनी बोलावे लागते, ही या कौशल्याची किंमत आहे. सोलापुरी चादरीला भौगोलिक उपदर्शनाचा मान मिळाला. त्या मानपत्रात वीण आणि नक्षी यांची नोंद आहे, विणकराच्या कानाची नाही.

५. तळ्यातील मंदिर आणि संमती

सोलापुरात पाण्याने वेढलेले एक स्थळ प्रत्यक्ष आहे. बाराव्या शतकातील शिवयोगी सिद्धराम यांच्या कार्याशी निगडित असलेले सिद्धेश्वर मंदिर तळ्यात उभे आहे. सिद्धराम हे कन्नड वचनकारांपैकी एक होत. 'वचन' या साहित्यप्रकाराचे नावच बोलण्यावरून आलेले आहे.

मकरसंक्रांतीच्या सुमारास भरणाऱ्या गड्ड्याच्या यात्रेत सात नंदीध्वजांची मिरवणूक निघते आणि संमती कट्ट्याजवळ अक्षता सोहळा होतो. सिद्धरामांच्या योगदंडाशी कुंभारकन्येचा विवाह झाला, या आख्यायिकेवर हा सोहळा आधारलेला आहे. संमती म्हणजे या विवाहाच्या वेळी करावयाचे पठण. ते कन्नड संस्काराचे आहे. जमलेला समुदाय मराठी, कन्नड, तेलुगू अशा अनेक भाषा बोलणारा आहे. पठणातील ठरावीक शब्द कानी पडताच सर्व बाजूंनी अक्षता पडतात. गर्दीत दूर उभ्या असलेल्या माणसाला कट्टा दिसत नाही. तो ऐकून किंवा शेजाऱ्याच्या हातावरून ओळखून अक्षता टाकतो.

या विधीची रचना भोंग्याच्या नेमकी उलट आहे. भोंगा ऐकणाऱ्याकडून केवळ आज्ञापालनाची अपेक्षा करतो. संमती ऐकणाऱ्याच्या होकाराशिवाय पूर्ण होत नाही. तिचे नावच तसे सांगते. शिवाय ही संमती लिखित संहितेवरून वाचली जाते. म्हणजे डोळा व कान यांच्यात येथे विरोध नाही, सहकार्य आहे. कल्पित बेटावर पाणी समाजाला इतरांपासून तोडते. सोलापूरच्या तळ्याकाठी मात्र निरनिराळ्या भाषा बोलणारे लोक एका ध्वनीसाठी एकत्र येतात आणि आपापली भाषा घेऊनच परत जातात.

६. नवी पेठ : बाजाराचे श्रवण

विधीत वर्षातून एकदा घडणारी ही गोष्ट बाजारात रोज घडते. नवी पेठ ही सोलापूरच्या मध्यवर्ती भागातील बाजारपेठ. येथील मुरलेला दुकानदार गिऱ्हाइकाचे पहिले वाक्य ऐकून आपली भाषा निवडतो. मराठीत सुरू झालेला भाव कन्नडमध्ये उतरतो, तेलुगूत ठरतो आणि दखनीत पक्का होतो. अनेकांची ही बहुभाषिकता पुस्तकातून आलेली नाही. ती कानाने कमावलेली आहे. 'काय करलालाव' यांसारख्या क्रियारूपांनी ओळखली जाणारी सोलापुरी मराठी ही या सहवासातच वाढली. शालेय व्याकरणाच्या फूटपट्टीने तिला अशुद्ध ठरविणे म्हणजे लापुटावासीयांप्रमाणे ग्रहगोलांचे संगीत ऐकत जमिनीवरच्या बोलण्याकडे दुर्लक्ष करणे होय.

नवी पेठेतील ध्वनी कालुलींच्या गायनाप्रमाणे एकमेकांवर चढणारे आहेत. आवाज एकमेकांत मिसळतात, पण कोणताही आवाज दुसऱ्याला पुसून टाकीत नाही. ही स्थिती नाजूक असते. ध्वनिप्रदूषण (नियमन व नियंत्रण) नियम, २००० यांनी व्यापारी क्षेत्रासाठी दिवसा ६५ व रात्री ५५ डेसिबल अशी मर्यादा घातली आहे. हा नियम आवाजाची पातळी मोजतो. आवाज परस्परांना वाव देतात की नाही, हे मोजण्याचे साधन त्याच्याजवळ नाही. लेझीमच्या खेळात खेळणाऱ्यांचे आवाज हलगीच्या ठेक्याला उत्तर देतात. मिरवणुकीतील ध्वनिक्षेपकांच्या भिंतीला मात्र उत्तर देता येत नाही, तिच्यापुढे फक्त कान झाकता येतात. डेसिबलच्या वादामागे असलेला खरा सांस्कृतिक प्रश्न हा आहे.

७. शाहिरी आणि छापील संहितेची मर्यादा

अशा श्राव्य परिसरातून घडलेल्या वाङ्मयाकडे मराठी समीक्षेने कसे पाहिले, हा या विवेचनाचा शेवटचा टप्पा. पेशवाईच्या उत्तरकाळातील शाहीर राम जोशी हे सोलापूरचे. घराजवळच्या धोंडी शाहिराच्या फडावरील गाणे ऐकून ते लावणीकडे वळले आणि पुढे मोरोपंतांच्या सहवासात कीर्तनाकडे गेले, असे त्यांच्या चरित्रात सांगितले जाते. संस्कृत, मराठी, कन्नड, हिंदी अशा भाषांचे मिश्रण असलेली लावणीरचना त्यांच्या नावावर आहे. समीक्षकांनी या मिश्रणाची गणना बहुधा पांडित्याच्या किंवा चमत्कृतीच्या खात्यात केली. ज्या पेठेत रोजचा व्यवहार चार भाषांत होतो, त्या पेठेतल्या श्रोत्याला मात्र तो आपल्याच कानाचा अनुभव वाटला असणार. कागदावर जी कसरत दिसते ती श्रवणात शेजार ठरते.

हीच अडचण पोवाड्याच्या बाबतीत अधिक ठळक होते. ॲक्वर्थ व शाळिग्राम यांनी १८९१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या संग्रहामुळे पोवाडे नष्ट होण्यापासून वाचले. म. वा. धोंड यांच्या 'मऱ्हाटी लावणी' (१९५६) या ग्रंथाने लावणीच्या अभ्यासाला शिस्त दिली. या कार्याचे मोल निर्विवाद आहे. परंतु छापील पानावर शाहिराचे शब्द उरतात, झीलकऱ्याचा 'जी जी' हा प्रतिसाद गळून पडतो किंवा एका चिन्हापुरता शिल्लक राहतो. तमाशातील सुरत्याचा लांबविलेला सूर तर लिपीत उतरतच नाही. परिणामी ज्या वाङ्मयाची रचनाच साद व प्रतिसाद यांवर उभी आहे, ते एका कवीचे एकभाषित म्हणून वाचले जाते. झीलकरी गाळलेला पोवाडा हा प्रजेचा आवाज गाळलेल्या लापुटासारखा आहे.

बार्शीचे अमर शेख (१९१६–१९६९) यांच्याबाबतीत हा अन्याय आधुनिक काळात पुन्हा घडला. गिरणीत काम केलेला, संपात उतरलेला हा शाहीर अण्णा भाऊ साठे व गवाणकर यांच्यासह लाल बावटा कलापथकातून गात राहिला आणि संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत त्याचा आवाज महाराष्ट्रभर पोहोचला. 'कलश' व 'धरतीमाता' हे त्यांचे काव्यसंग्रह आहेत. केवळ या संग्रहांच्या आधारे त्यांना दुय्यम कवी ठरविणारा निर्णय निकषाच्या निवडीतच चुकतो. प्रचारकी म्हणून ज्या पुनरुक्तीला दोष दिला जातो, ती पुनरुक्ती हजारोंच्या सभेला सूर धरण्यासाठी दिलेली जागा असते. भोंगा ज्यांना बोलावीत होता, त्यांना शाहीर बोलू देत होता. गिरणीच्या ध्वनीला गिरणीच्याच माणसाने दिलेले हे उत्तर होते, आणि त्याचे मूल्य उत्तर म्हणूनच ठरविले पाहिजे.

येथे असा आक्षेप संभवतो की समूहाचा प्रतिसाद हा वाङ्मयीन निकष होऊ शकत नाही, कारण टाळ्या सामान्य रचनेलाही मिळतात. आक्षेप रास्त आहे. परंतु प्रतिसाद म्हणजे लोकप्रियता नव्हे. रचनेत दुसऱ्या आवाजासाठी ठेवलेली जागा, तिचे स्वरूप आणि तिचा रचनेच्या अर्थावर होणारा परिणाम हे विश्लेषणाचे विषय आहेत, आणि ते वृत्त वा प्रतिमा यांच्याइतकेच काटेकोरपणे तपासता येतात.

८. समारोप

वरील विवेचनातून पुढील निष्कर्ष निघतात. कल्पित बेटांवरील ध्वनिसमाज एकाकी, एकभाषिक आणि ध्वनिकर्त्याच्या सत्तेखालील आहेत. सोलापूरची ध्वनिसंस्कृती सरहद्दीवरील, बहुभाषिक आणि सत्तेला उत्तर देणारी आहे. तिच्यातही भोंग्यासारखे एकतर्फी ध्वनी होते, परंतु संप, संमती, बाजार आणि शाहिरी यांनी त्यांना निरनिराळ्या मार्गांनी प्रतिसाद दिला. म्हणून या परिसरातील वाङ्मयाची समीक्षा केवळ छापील संहितेवर थांबू शकत नाही.

या निष्कर्षांना एक व्यावहारिक बाजूही आहे. जुन्या गिरण्या बंद पडल्या आहेत आणि त्यांचे भोंगे ऐकलेली पिढी वृद्ध होत चालली आहे. हेमा राईरकर व गी पॉइटव्हाँ यांच्या प्रयत्नांतून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या संकलित झाल्या आणि त्यांतील अनेक गाणाऱ्या स्त्रियांच्या आवाजात ध्वनिमुद्रितही झाल्या. हे कार्य महाराष्ट्रातच घडले असल्याने त्याचे अनुकरण अशक्य मानण्याचे कारण नाही. सोलापूर जिल्ह्यातील महाविद्यालयांच्या मराठी, इतिहास, समाजशास्त्र व भौतिकशास्त्र विभागांनी एकत्र येऊन विणकर, गिरणी कामगार, झीलकरी आणि नवी पेठेतील जुने व्यापारी यांचे आवाज नोंदविल्यास बहुविद्याशाखीय संशोधनाला एक खरा विषय मिळेल. यंत्रमागाचा खटका आजही मुद्रित करता येतो. गिरणीचा भोंगा मात्र आता ऐकलेल्यांच्या सांगण्यातूनच नोंदविता येईल, आणि ते सांगणारे दरवर्षी कमी होत आहेत.